परसातला कुलवृत्तांत

बऱ्हाणपुरातल्या आमच्या मराठी घरांत पुस्तकं थोडी, पण त्यांच्या जागा पक्क्या. देवघराशेजारी भिंतीतलं फडताळ. वरच्या फळीवर पंचांग, पोथ्या आणि लाल खारव्याच्या बस्त्यात गुंडाळलेली घराण्याची वही. मधल्या फळीवर ‘संपूर्ण चातुर्मास’, शेवटची पानं सुटलेला आणि पहिली पानं हळदीच्या बोटांनी पिवळी झालेला. खालच्या फळीवर रद्दी, सुतळीचे तुकडे, वाकडे खिळे, बिनझाकणाची दौत आणि ‘लागेल कधीतरी’ म्हणून ठेवलेलं बाकी सगळं. वरची फळी पुरुषांची, मधली बायकांची, खालची कुणाचीच नाही, म्हणजे आम्हा पोरांची.

वरच्या फळीवरचा ग्रंथ घरोघर वेगळा. शिंदेशाहीत कारकुनीला येऊन इथेच रुजलेल्या घरांत पुण्याहून पोस्टाने आलेला छापील कुलवृत्तांत असे. रावेर-यावलकडून आलेल्या लेवा आणि गुजर घरांचा ग्रंथ भाटाच्या काखेत असे. मराठ्यांच्या घरात वही नसली तरी देवक होतं, आणि ते कुणाला विसरता येत नसे. ताप्ती मिलच्या भोंग्यावर उठणारी, एका खोलीत राहणारी घरं होती. त्यांच्याकडे यातलं काहीच नव्हतं. पण नाशिक-त्र्यंबक करून आलेला एखादा आजोबा ओट्यावर बसून ठासून सांगे की तिथल्या उपाध्यायांच्या चोपडीत आपल्या पणजोबाचा अंगठा आहे, स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलाय. मग तो अंगठा गल्लीभर फिरे.

छापील कुलवृत्तांताचा थाट मोठा. जाड पुठ्ठा, आत गोत्र, प्रवर, कुलदैवत, मूळ गाव, मग घराणे पहिले, घराणे दुसरे, आणि मागे घडी घातलेली वंशवेल. घडी उलगडायला दोन माणसं लागत. एकाने मूळपुरुष धरायचा, दुसऱ्याने आपल्या काकांपर्यंत मागे सरत यायचं. मध्ये खांब आला तर खांबाला वळसा. मजकूर मोजका: जन्म शके अमुक, शिक्षण, नोकरी, पत्नी, तिचं माहेरचं नाव आणि सासरचं नाव, अपत्यं, वास्तव्य. वास्तव्यापुढे ‘बऱ्हाणपूर, मध्यप्रांत’. मध्यप्रांत नावाचा प्रांत मागेच नकाशावरून गेला होता, पण आमच्या पुस्तकात तो सुखरूप होता. पुस्तक छापल्यानंतर जन्मलेली आम्ही सगळी पोरं त्यात नव्हतो. मग आमच्या आजोबांनी, आबांनी, शिसपेन्सिलीने रेघा ओढून आम्हाला लटकवलं. ज्याने त्या आठवड्यात खोडी केली असेल त्याचं नाव खोडून टाकायची धमकी असे. आणि ती खरी वाटे, कारण खोडरबर आबांच्या खिशात असायचं.

भाटाचं सगळंच वेगळं. सुगी झाली की तो यायचा, ओसरीवर घोंगडं अंथरायचा, पाणी प्यायचा, आणि लांबडी वही मांडीवर घेऊन एका सुरात सात-आठ पिढ्या म्हणून दाखवायचा. कोण कुठून निघाला, कोणत्या गावी विहीर बांधली, कोणाचा कोण. ऐकताना म्हातारे पुरुष ताठ बसत. शेवटी नव्या मुलांची नावं वहीत चढत, धान्य, कापड, रुपया दिला जाई. गल्लीतली पोरं भोवती कोंडाळं करून बसलेली असत. त्यात एखादी पोर हमखास विचारी, “आणि माझं?” भाट हसून म्हणे, “तुझं तुझ्या सासरी, बाई.” सासरी गेल्यावर तिकडचा भाट काय म्हणे, ते आमच्या आत्यांना विचारा. तिकडे त्यांच्या मुलांची नावं चढली.

छापील पुस्तकात बाईला निदान दोन नावं मिळत. पण तीही वंशवेलीत नाहीत, मजकुरात. वेलीवर लोंबत ते पुरुषच. तर्पणाला गुरुजी माता, पितामही, प्रपितामही म्हणवून घेत तेव्हा तीन बायकांची नावं मोठ्याने उच्चारली जात, तीही सासरी ठेवलेली. त्यापलीकडे चौथी बाई नाही.

ती चौथी, पाचवी, सहावी परसात होती.

आमच्या घरांना पुढून रुंदी कमी आणि मागे लांबीच लांबी. ओसरी, माजघर, स्वयंपाकघर, न्हाणी आणि मग परस. परसातल्या कुठल्याच झाडाला नुसतं झाडाचं नाव नव्हतं. मोठ्या आईचा रामफळ. जिजीचा रायवळ आंबा. रावेरच्या काकूंनी माहेराहून ओच्यात बांधून आणलेलं लिंबू. विधवा होऊन परत आलेल्या आत्याचा पारिजातक. तिच्या नावावर दुसरं काही नव्हतं. न्हाणीच्या पाण्यावर वाढलेली केळ सगळ्यांची, आणि म्हणून तिचं पान सगळेच कापत. (आता सगळा बऱ्हाणपूर जिल्हाच केळीखाली आहे, पण तेव्हा केळ म्हणजे न्हाणीमागची.) कुणाची नाळ कुठे पुरली ते बायकांना पाठ होतं. आमच्यातल्या एकाची शेवग्याखाली पुरलेली. तो अंगाने काटकुळा राहिला याचं खापर जन्मभर शेवग्यावर फुटलं.

‘जिजीचा आंबा उतरवायला आला’ असं म्हटलं की जिजी कोण हे सांगावं लागे. ती आबांची आजी. शके किती, माहेर कुठलं, ते पुस्तकात. पण तिने पाहुण्याच्या पानावर आंबा वाढताना कोय आधी चोखून पाहिली होती, आवडला म्हणून तीच कोय पुरली, आणि सासूने त्याबद्दल आठ दिवस बोलणं टाकलं, हे आंब्यामुळे कळलं. झाड दर वर्षी मोहोरायचं आणि गोष्ट दर वर्षी सांगितली जायची. पुरुषांच्या वहीत शिक्षण आणि नोकरी होती. स्वभाव असे तो परसात.

हे फक्त आमच्याच गल्लीचं नव्हे. तापीच्या खालच्या अंगाला, जळगावजवळच्या असोद्याच्या बहिणाबाई चौधरी. अक्षर न शिकलेली शेतकरी बाई, जातं ओढता ओढता रचत गेली. ती गेली 1951 साली, आणि मुलगा सोपानदेवांनी उतरून ठेवलेली गाणी आचार्य अत्र्यांच्या पुढाकाराने 1952 साली पुस्तक होऊन आली. त्यात किती झाडं, किती पीक, किती पाखरं. आमच्या घरात ते पुस्तक आलं तेव्हा ते मधल्या फळीवर ठेवलं गेलं, आणि वाचून दाखवताना जिजीच्या सुनेने, म्हणजे आमच्या पणजीने, “हे तर आपल्या वावरातलंच आहे” म्हणून चष्मा मागितला. तिला वाचता येत नव्हतं.

आम्हालाही मराठी वाचायला त्या मधल्या फळीनेच शिकवलं. शाळा हिंदी. अक्षरं तीच, म्हणून गाडं अडत नसे. श्रावणात दुपारी बायकांची जेवणं उरकली की कुणातरी पोराला धरून पाटावर बसवायचं आणि कहाणी वाचायला लावायची. चुकलं की चार बायका एकदम दुरुस्त करत, कारण त्यांना ती पाठच होती. मग वाचायचं कशाला? तर वाचलेली कहाणी वेगळी, आठवलेली वेगळी, असं उत्तर. बदल्यात पेढ्याचा तुकडा किंवा भाद्रपदात दराब्याचा चमचा.

भाद्रपदात गणपतीच्या पत्रीची यादीही त्याच पुस्तकातून मोठ्याने वाचली जायची, एकवीस पानांची: मधुमालती, माका, बेल, दूर्वा, बोर, धोत्रा, तुळस, शमी, आघाडा, डोरली, कण्हेर, रुई, अर्जुन, विष्णुक्रांता, डाळिंब, देवदार, मरवा, पिंपळ, जाई, केवडा, अगस्ती. पोरांच्या टोळ्या पिशव्या घेऊन निघत. रुई तापीकाठच्या वाटेवर, अर्जुन नागझिरीकडे, डाळिंब शेजाऱ्यांच्या अंगणात (विचारून), केवडा अत्तरवाल्याच्या ओळखीने. देवदार बऱ्हाणपुरात कुठून असणार? तो हिमालयातला. दर वर्षी त्याच्या जागी अशोकाचं पान वाहिलं जाई, आणि दर वर्षी आबा म्हणत, गणपतीला माहीत आहे आपण कुठे राहतो. टोळीतल्या मुलांना माका आणि दगडी पाला दुरून वेगळा ओळखता यायचा. ती विद्या पुढे कुठल्या परीक्षेत उपयोगी पडली नाही. पण गुडघा फुटला की काय चोळायचं ते कळत होतं.

सीमेवरच्या गावाची एक चैन असते. सण दोनदा. हिंदी घरांचा महिना पौर्णिमेला संपतो, आपला अमावास्येला. म्हणून त्यांचा श्रावण आमच्या आधी पंधरा दिवस लागायचा आणि आमचा त्यांच्यानंतर पंधरा दिवस चालायचा. वडाचं तसंच. हिंदी बायका ज्येष्ठातल्या अमावास्येला सूत गुंडाळून जात. पंधरा दिवसांनी आमच्या बायका आणि गुजराती शेजारणी पौर्णिमेला त्याच वडाला, त्याच सुतावर नवं सूत. वडाचा बुंधा पांढरा होऊन जाई. नवऱ्यांचा प्रश्न असा, की सात जन्म दोन्हीकडून धरायचे की एकीकडूनच. त्याचा निकाल गल्लीत लागला नाही.

दसऱ्याला सोनं दोन तऱ्हेचं. माळवा-इंदूरकडून आलेले शमी देत, आम्ही आपटा. बालाजीच्या मेळ्याला तापीवर जाताना दोन्ही खिसे भरलेले. बाजारात आपट्याच्या नावाखाली कांचनाची पानं खुशाल विकत. जिजीच्या सुनेला हे आवडत नसे. ती पान दुमडून उजेडाकडे धरी, शिरा मोजल्यासारखं करी आणि म्हणे, “पितळ आहे.”

आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, सगळ्या लेकी माहेरी. परसातल्या निंबाला झोके, आंब्याचा पहिला रस, खापरावरचे मांडे. आणि पितरांची घागर. पाण्याने भरलेल्या मातीच्या घागरीवर डांगर ठेवायचं, आणि पूर्वजांचं एकेक नाव घेत उंबऱ्यावर कुंकवाचं एकेक बोट ओढायचं. नाव घ्यायला पुरुष बसत, पण अडले की आत बघत. आतून नाव येई. भाटाची वही पाहायची गरज पडल्याचं कुणाला आठवत नाही. त्या दिवसापर्यंत घरातल्या थोरांनी आंबा तोंडात घातलेला नसे. पोरांनी घातलेला असे. त्याचा पुरावा कोयी, आणि त्या आम्ही पुरून टाकायचो. परसातल्या निम्म्या आंब्यांचा उगम असा आहे.

लग्न ठरताना मराठ्यांच्या घरी पहिला प्रश्न देवकाचा. कुणाचा कळंब, कुणाची पंचपल्लवं, कुणाचं उंबर, कुणाचा वेळू. देवक एक निघालं की सोयरीक तिथेच मोडायची, मुलगी कितीही पसंत असो. मांडवात ती डहाळी वाजतगाजत आणायची, आणि मग ती माणसांच्या आधी पूजेला. ज्या घरात एकही कागद नव्हता त्या घरालाही आपण कुणाचे हे एका पानावरून सांगता यायचं. आम्हाला पोरांना वाईट वाटे ते एवढंच की आपलं देवक फळ देणारं का नाही. शेजाऱ्यांचं आंबा होतं.

पुस्तकं जपायची ती झाडांच्याच जिवावर. कसर लागू नये म्हणून पानापानांत निंबाचा वाळलेला पाला. बस्त्यात वेखंडाचा तुकडा. पुठ्ठा सुटला की कणकेची खळ शिजवायची, तिच्यात चिमूटभर मोरचूद, म्हणजे झुरळ फिरकत नाही. पाठीला मिलच्या मांजरपाटाची पट्टी. वर शिवण, आणि शिवणीवर पाटा-वरवंटा रात्रभर ठेवायचा. सकाळी चटणी उशिरा. अभ्यासाच्या पुस्तकात पिंपळाचं पान. ते महिनोन् महिने ठेवलं की हिरवं गळून नुसती जाळी उरते. जाळी अखंड निघाली तर वर्गात भाव. कुलवृत्तांतात पान ठेवायला बंदी होती, पण आमच्यातल्या एकीने ठेवलंच, बरोबर घराणे तिसरे, शाखा दुसरीवर. आजही त्या पानावर पिंपळाचा तपकिरी डाग आहे, आणि दोन चुलत आजोबांची नावं त्याच्याखाली वाचता येत नाहीत. तिचं नाव मात्र त्या पुस्तकात नाही.

वर्तमानपत्रांच्या कागदाबद्दल आम्हाला उगाच अभिमान होता. उत्तरेला नेपानगर, तिथे देशातला पहिला वर्तमानपत्री कागदाचा कारखाना. कंपनी 1947 ची, आणि पंडित नेहरूंनी तो राष्ट्राला अर्पण केला एप्रिल 1956 मध्ये. लगदा सातपुड्यातल्या सालईचा आणि बांबूचा. सालई म्हणजे तेच झाड, ज्याचा डिंक आमच्या घरात धुपाटण्यावर जळायचा. म्हणून इंदूरचा हिंदी पेपर असो की जळगावहून गाडीने येणारा मराठी, तो आपल्याच डोंगरातल्या झाडाचा, असं आम्ही परस्पर ठरवून टाकलं होतं. शहानिशा कुणी केली नाही. त्याच पेपरची आम्ही वह्यांना कव्हरं घालायचो, त्याच्यावर बिबडे वाळायचे, त्याच्यात गूळ बांधून यायचा, आणि गूळ खाऊन झाल्यावर मागची बातमी वाचली जायची, तीन महिन्यांपूर्वीची.

1956 हे साल आमच्या घरांत फार बोललं गेलं. ऑक्टोबरच्या शेवटापर्यंत आमची राजधानी नागपूर. कोर्टाचं काम, नोकरीचं, सोयरिकीचं, सगळं तिकडे तोंड करून. 1 नोव्हेंबरला प्रांतांची नवी मांडणी झाली, विदर्भ मुंबई राज्यात गेला, आणि आम्ही भोपाळचे झालो. घर हललं नाही, परस हललं नाही, आबांच्या भाषेत ‘दिशा बदलली’. त्याच वर्षी दुर्गाबाई भागवतांचं ‘ऋतुचक्र’ आलं. एकेका महिन्याचं झाड, फूल, उन्हाचा रंग टिपणारं ते पुस्तक एका मास्तरांच्या हातून गल्लीत शिरलं आणि परत काही गेलं नाही. दुर्गाबाई जन्माने इंदूरच्या, 1910 च्या, तेव्हा त्यांच्यावरही आमचा हक्क. पुढे मारुती चितमपल्लींची पुस्तकं आली. ते मेळघाटात वनाधिकारी होते, म्हणजे आमच्या पूर्वेकडच्या डोंगरापलीकडचेच. ही पुस्तकं मात्र फडताळात कुठे ठेवायची यावर मतभेद झाला. वरच्या फळीवर ठेवावी इतकी धार्मिक नाहीत, मधल्या फळीवर ठेवावी तर त्यांत उपास नाहीत. शेवटी ती उशीखाली राहिली. माझ्या मते बरोबर राहिली.

कागदाची कदर आमच्याकडे उशिरा आली हे खरं आहे. इतिहासाचार्य राजवाडे वाडे पालथे घालत, माळ्यांवरची दप्तरं सोडवत फिरले. 1926 साली ते गेले ते धुळ्यात, आमच्याच खानदेशात, आणि त्यांच्या नावाचं संशोधन मंडळ अजून तिथे आहे. तरी आमच्या गल्लीत मोडी कागदांनी बंब पेटलेला आहे. वाचता येत नाही म्हणजे निरुपयोगी, असा सरळ हिशेब.

मग वाटण्या झाल्या. परसात खोल्या चढल्या, विहिरीवर फरशी, फरशीवर मोटारसायकल. यंत्रमागांचा खडखडाट भिंतीपर्यंत आला. सागवानी खांब उतरवले गेले ते विकले गेले. रामफळ गेला, लिंबू गेलं, पारिजातक आत्याबरोबर गेला असं म्हणतात, पण खरं म्हणजे तो पाण्याची टाकी बसवताना गेला. आंब्यावर मात्र कुणाला हात टाकता येईना, कारण तो बरोबर हद्दीवर. वाटणीपत्र करायला वकील बसले, फूटपट्टी घेऊन नकाशा काढला, आणि चतुःसीमा लिहिता लिहिता अडले. पूर्वेस रस्ता, पश्चिमेस अमुकांचे घर, उत्तरेस गल्ली, आणि दक्षिणेस? सगळे एकदम म्हणाले, “जिजीचा आंबा.” वकिलांनी तसंच लिहिलं. ‘दक्षिणेस जिजीचा आंबा, सामाईक, फळे निम्मेनिम.’ मुद्रांकाच्या कागदावर, दोन साक्षीदारांच्या सह्यांनिशी, नोंदणी कचेरीच्या शिक्क्यासह. पुढे जेव्हा जेव्हा त्या जागेचं काही झालं, कर्ज, दुरुस्ती, वारसनोंद, तेव्हा तेव्हा ते वाक्य जसंच्या तसं उतरवलं गेलं. घराण्यातल्या कुठल्याही पुरुषाच्या घरगुती नावाला हा मान मिळालेला नाही.

हल्ली कुलवृत्तांताची नवी आवृत्ती निघायची आहे. फॉर्म आता मोबाईलवर येतो. नाव, जन्मतारीख, रक्तगट, शहर, देश. मुलींचं नाव वेलीवर घ्यायचं ठरलंय, हे चांगलं झालं. वेलीची घडी आणखी लांब होईल, धरायला तिसरं माणूस लागेल. आमच्यातल्या कुणीतरी कुलवृत्तांताच्या मंडळाला लिहिलं की एक रकाना झाडाचा ठेवा. अमेरिकेतल्या भाच्याने लगेच भरून पाठवला: मेपल, भाड्याच्या घरापुढचं. पुण्याच्या चुलतबहिणीने कुंडीतला कढीपत्ता लिहिला. इंदूरच्या काकांनी परसातला रामफळ आपल्या आईचा होता, मोठ्या आईचा नव्हता, असं तीन परिच्छेदांत कळवलं, आणि त्यावर बऱ्हाणपूरहून दोन उत्तरं गेली आहेत. रामफळ तोडून कितीतरी वर्षं झाली. वाद अजून चालू आहे.